मंत्र्यांनी फिल्मी गाण्यांना कात्री लावली आणि झुमरी तलैयाचं नाव देशभर पोहोचलं

‘तू काय झुमरी तलैयाहून आलायस का?’

हा टोमणा तुम्ही सिनेमात, टीव्हीवर किंवा घरातल्या मोठ्यांच्या तोंडून कधीतरी ऐकला असेल. बऱ्याच जणांना वाटतं की हे गावच मुळात काल्पनिक आहे. कुणीतरी विनोदासाठी बनवलेलं मजेशीर नाव.

पण झुमरी तलैया खरंच आहे. झारखंडच्या कोडरमा जिल्ह्यात. तलैया म्हणजे छोटं तळं. एकेकाळी हे शहर अभ्रकाच्या खाणींसाठी ओळखलं जायचं. मग या खाणींच्या गावाचं नाव मुंबई, पुणे, नागपूरच्या घराघरात कसं पोहोचलं?

उत्तर आहे रेडिओवरची फर्माईश. आणि या फर्माइशीची गोष्ट सुरू होते दिल्लीतल्या एका मंत्रालयात. तिथे बसलेले मंत्री होते मराठी.

कोण होते हे मंत्री?

त्यांचं नाव डॉ. बाळकृष्ण विश्वनाथ केसकर. जन्म १९०३ सालचा, पुण्यातला. शिक्षण काशी विद्यापीठात आणि पुढे पॅरिसमध्ये. स्वातंत्र्य चळवळीत काम केलेले, शास्त्रीय संगीताची मनापासून आवड असलेले आणि स्वतः ध्रुपद शिकलेले. १९५२ साली ते नेहरूंच्या सरकारमध्ये माहिती व नभोवाणी मंत्री झाले आणि १९६२ पर्यंत त्या पदावर राहिले.

त्या काळात नभोवाणी म्हणजे फक्त सरकारी रेडिओ. १९४७ साली देशात आकाशवाणीची अवघी ६ केंद्रं होती. टीव्ही नव्हता. त्यामुळे लोकांच्या कानावर काय पडावं हे ठरवण्याची मोठी ताकद या एका खात्याकडे होती.

केसकरांचं मत स्पष्ट होतं. राजेरजवाड्यांचा आश्रय संपल्यावर शास्त्रीय संगीताला सांभाळायचं काम आता सरकारचं आहे. आणि हिंदी फिल्मी गाणी, त्यांतल्या पाश्चात्त्य चाली, उथळ शब्द हे लोकांची अभिरुची बिघडवतायत.

फिल्मी गाण्यांवर खरंच बंदी घातली होती का?

‘केसकरांनी फिल्मी गाण्यांवर बंदी घातली’ असं सर्रास सांगितलं जातं. प्रत्यक्षात एका आदेशाने सगळी गाणी बंद झाली, असं झालं नव्हतं.

आधी फिल्मी गाण्यांची वेळ कमी करण्यात आली. कोणतं गाणं लावायचं यासाठी चाळणी लागली. मग ठरलं की गाणं लावताना सिनेमाचं नाव घ्यायचं नाही, कारण ती सिनेमाची फुकट जाहिरात होते. इथे निर्माते बिथरले. गाणी आमची, आणि आमच्याच सिनेमाचं नाव घ्यायचं नाही? त्यांनी आकाशवाणीला दिलेले गाणी वाजवण्याचे परवाने मागे घेतले.

परिणाम एकच झाला. १९५२ सालातच आकाशवाणीवरून हिंदी फिल्मी गाणी जवळपास गायब झाली.

केसकरांची दुसरी बाजूही सांगायला हवी. आकाशवाणीचा संगीताचा राष्ट्रीय कार्यक्रम आणि आकाशवाणी संगीत संमेलन त्यांच्याच काळात सुरू झालं. अनेक शास्त्रीय कलावंतांना रेडिओमुळे नियमित काम मिळालं. फिल्मी गाण्याला पर्याय म्हणून सुगम संगीतावर भर दिला गेला. ‘गीतरामायण’ही याच काळातलं. १ एप्रिल १९५५ च्या रामनवमीला आकाशवाणीच्या पुणे केंद्रावरून ते सुरू झालं. ग. दि. माडगूळकरांची ५६ गीतं, सुधीर फडक्यांचं संगीत आणि वर्षभर चाललेला कार्यक्रम. हा कार्यक्रम लागला की लोक रेडिओला हार घालायचे, असं जुन्या पिढीतले लोक आजही सांगतात.

म्हणजे श्रोत्यांना चांगलं संगीत नको होतं, असं अजिबात नव्हतं. पण दिवसभर राबून आल्यावर कधी ध्रुपद ऐकायचं आणि कधी सिनेमातलं गाणं, हे त्यांना स्वतः ठरवायचं होतं. आणि रेडिओच्या सेटला एक खुंटी होती. ती फिरवली की स्टेशन बदलायचं.

लोकांनी ती फिरवली.

कोलंबोचा रेडिओ कोडरमात कसा लागायचा?

खुंटी फिरवल्यावर लागायचं रेडिओ सिलोन. सिलोन म्हणजे आजचा श्रीलंका.

दुसऱ्या महायुद्धाच्या काळात लॉर्ड माउंटबॅटन यांच्या नेतृत्वाखालच्या दोस्त सैन्याचं मुख्यालय सिलोनमध्ये होतं. घरापासून हजारो मैल लांब असलेल्या सैनिकांना बातम्या आणि करमणूक मिळावी म्हणून तिथे लष्करी रेडिओ सुरू झाला आणि त्यासाठी ताकदवान शॉर्टवेव्ह यंत्रणा उभी राहिली. युद्ध संपलं, सैनिक परतले, यंत्रणा सिलोनकडे राहिली.

शॉर्टवेव्हचं वैशिष्ट्य म्हणजे या लहरी वर जातात, आयनांबर या वातावरणाच्या थरावरून परततात आणि हजार-दोन हजार किलोमीटर लांब खाली येतात. त्यामुळे कोलंबोहून निघालेला आवाज मुंबई, इंदूर, पाटणा, पार लाहोर-कराचीपर्यंत ऐकू यायचा. मध्येच खरखर व्हायची, आवाज लाटेसारखा वरखाली व्हायचा. मग कुणीतरी एरियलची तार हलवायचं आणि बाकीचे ओरडायचे, ‘हां, आता ठीक आहे, तसंच धरून ठेव!’

१९५० साली रेडिओ सिलोनची व्यापारी सेवा सुरू झाली. आकाशवाणीवर तेव्हा जाहिरातींना जागा नव्हती. भारतातल्या कंपन्यांना गिऱ्हाइकापर्यंत पोहोचायचं होतं, श्रोत्यांना गाणी हवी होती आणि कोलंबोकडे ट्रान्समीटर होता. १९५२ मध्ये आकाशवाणीवरची गाणी थांबली आणि श्रोत्यांचा लोंढा कोलंबोकडे वळला.

सकाळी जुन्या चित्रपटांतल्या गाण्यांचा कार्यक्रम लागायचा आणि त्याचा शेवट कुंदनलाल सैगल यांच्या गाण्याने व्हायचा. सैगलचं गाणं लागलं की आठ वाजत आले, हे घड्याळ न बघता कळायचं. अनेक घरांत शाळा आणि ऑफिसची घाई याच गाण्यावर चालायची.

बुधवार, रात्रीचे आठ

३ डिसेंबर १९५२. रेडिओ सिलोनवर एक नवा कार्यक्रम सुरू झाला, ‘बिनाका गीतमाला’. बिनाका हा टूथपेस्टचा ब्रँड. निवेदक होता मुंबईचा, वीस वर्षांचाही न झालेला एक मुलगा. अमीन सयानी.

त्यांच्या आई कुलसुम सयानी गांधीजींच्या सांगण्यावरून ‘रहबर’ नावाचं पाक्षिक चालवायच्या. नवसाक्षर लोकांसाठीचं हे नियतकालिक सोप्या हिंदुस्थानीत असायचं आणि देवनागरी, उर्दू, गुजराती अशा तीन लिपींत निघायचं. अमीन लहानपणापासून त्या कामात मदत करायचे. रेडिओवर त्यांना हेच कामी आलं. जड हिंदी नाही, जड उर्दू नाही, सगळ्यांना कळेल अशी बोली. आकाशवाणीच्या हिंदी निवेदकाच्या चाचणीत आपल्याला नापास केलं होतं, असं ते स्वतः हसत सांगायचे.

कार्यक्रम मुंबईत रेकॉर्ड व्हायचा आणि टेप विमानाने कोलंबोला जायची. म्हणजे मुंबईतला आवाज समुद्रापार जाऊन, आयनांबरावर आदळून पुन्हा मुंबईत यायचा.

सुरुवातीचं स्वरूप सोपं होतं. सात गाणी वाजायची. श्रोत्यांनी त्यांचा क्रम लावून पत्र पाठवायचं. बरोबर उत्तरांसाठी १०० रुपयांचं बक्षीस. सयानींना या कामाचे आठवड्याला २५ रुपये मिळायचे. चाळीस-पन्नास पत्रं येतील असा अंदाज होता. त्यांनी पुढे अनेक मुलाखतींत सांगितल्यानुसार पहिल्याच कार्यक्रमाला ९ हजार पत्रं आली आणि पुढे हा आकडा आठवड्याला ६५ हजारांवर गेला. एवढी पत्रं तपासणं अशक्य झालं. शेवटी स्पर्धा बंद करून गाण्यांची क्रमवारी जाहीर करायची पद्धत आली. तळाच्या गाण्यापासून सुरुवात आणि सगळ्यात शेवटी पहिल्या क्रमांकाचं गाणं.

ही क्रमवारी रेकॉर्डच्या विक्रीवर आणि गावोगावच्या श्रोता संघांच्या मतांवर ठरायची. श्रोता संघ म्हणजे रेडिओप्रेमींची मंडळं. काहींचे स्वतःचे शिक्के होते, लेटरहेड होते. आपल्या आवडीचं गाणं घसरलं की संतापाने पत्रं जायची.

सयानी श्रोत्यांना ‘बहनों और भाइयों’ अशी हाक मारायचे. बहिणी आधी. सभेत बोलतात तसा हा आवाज नव्हता. समोरच्या खाटेवर बसून कुणीतरी आपल्याशीच बोलतंय असं वाटायचं.

रेडिओ एक, ऐकणारे पंचवीस

त्या काळी रेडिओ सेट महाग होता. शिवाय तो ठेवायला लायसन्स लागायचं. दरवर्षी पोस्टात जाऊन फी भरायची आणि पुस्तिकेवर नोंद करून घ्यायची. त्यामुळे गल्लीत, चाळीत, वाड्यात एखाद्याच घरी रेडिओ असायचा. ज्यांच्याकडे नव्हता ते त्या घराच्या ओट्यावर, खिडकीखाली, नाहीतर इराण्याच्या हॉटेलात किंवा पानाच्या टपरीसमोर थांबून ऐकायचे.

आज आपण हेडफोन लावून एकेकटे गाणी ऐकतो. तेव्हा ऐकणं हे बहुतेक वेळा चारचौघांत व्हायचं. आणि बुधवारी आठ वाजता हजारो गावांत अशीच माणसं जमलेली असणार, हे सगळ्यांना माहीत असायचं. दुसऱ्या दिवशी कट्ट्यावर विषय तोच.

आता झुमरी तलैया

एक किस्सा फारसा कुणाला माहीत नसतो. ऑगस्ट १९२१ मध्ये ‘टाइम्स ऑफ इंडिया’ने पोस्ट आणि तार खात्याच्या मदतीने मुंबईतून संगीताचा एक खास कार्यक्रम प्रसारित केला होता. तो झाला मुंबईचे गव्हर्नर सर जॉर्ज लॉइड यांच्या विनंतीवरून, आणि गव्हर्नरसाहेबांनी तो पुण्यात बसून ऐकला. म्हणजे भारतातल्या अगदी सुरुवातीच्या प्रसारणांपैकी एक हे फर्माइशीवरूनच झालं होतं. फक्त तेव्हा फर्माईश करायला गव्हर्नर असावं लागायचं.

तीस-पस्तीस वर्षांनी त्यासाठी एक पोस्टकार्ड पुरेसं झालं. त्यावर लिहायचं गाण्याचं नाव, सिनेमाचं नाव, आणि खाली ऐकू इच्छिणाऱ्यांची यादी. स्वतःचं नाव, भावंडांची, मित्रांची, शेजाऱ्यांची नावं आणि शेवटी गाव.

झुमरी तलैयातून अशा पोस्टकार्डांचा पाऊस पडायला लागला. सुरुवात एका अभ्रक व्यापाऱ्याने केली असं सांगतात. त्याचं नाव रेडिओवर सारखं यायला लागल्यावर दुसऱ्याला वाटलं, आपलंही यावं. मग तिसऱ्याला. बघता बघता गावात चुरस लागली. कुणाचं नाव जास्त वेळा येतं, कुणाच्या यादीत किती नावं असतात. दुसऱ्याची पत्रं पुढे जाऊ नयेत म्हणून पोस्टातल्या माणसाला फितवल्याच्या कहाण्याही तिथे सांगितल्या जातात. प्रेयसीचं नाव आपल्या नावाशेजारी लिहून पाठवायचे उद्योगही झाले म्हणे. घरात बोलायची सोय नव्हती, ते रेडिओवर निवेदकाच्या तोंडून वदवून घेतलं जायचं.

इतक्या वेळा हे नाव ऐकल्यावर देशभरातल्या श्रोत्यांना प्रश्न पडायचा, हे गाव खरंच आहे की निवेदक गंमत करतायत?

यात एक योगायोग आहे. कोडरमा पट्ट्यातलं अभ्रक जगभर निर्यात व्हायचं. ते विजेच्या उपकरणांत इन्सुलेशनसाठी लागायचं आणि रेडिओ सेटमधल्या कंडेन्सरमध्येही अभ्रकाच्या पातळ चकत्या वापरल्या जायच्या. ज्या भागातला दगड रेडिओच्या पोटात होता, त्याच भागातल्या माणसांची नावं रेडिओच्या तोंडी आली.

सरकारने माघार घेतली का?

घेतली, पण थेट तसं म्हटलं नाही. ३ ऑक्टोबर १९५७ रोजी आकाशवाणीने ‘विविध भारती’ सुरू केली. आखणीत कवी पंडित नरेंद्र शर्मा यांचा मोठा वाटा होता. हलकंफुलकं मनोरंजन, नाटिका आणि फिल्मी गाणी. मंत्री तेव्हाही केसकरच होते. पुढे १ नोव्हेंबर १९६७ पासून विविध भारतीवर जाहिरातीही आल्या. हा प्रयोग सुरू झाला मुंबई, पुणे आणि नागपूर या महाराष्ट्रातल्याच तीन केंद्रांवर.

विविध भारतीवर सुरुवातीपासून असलेल्या कार्यक्रमांपैकी एक म्हणजे ‘जयमाला’. सैनिकांच्या फर्माइशींचा कार्यक्रम. सीमेवरच्या चौकीतून जवान पत्र पाठवायचा. त्याचं नाव रेडिओवर आलं की इकडे गावात त्याची आई, बायको, मित्र ते ऐकायचे. घरी फोन नाही, पत्र यायला आठवडे लागतात, अशा वेळी रेडिओवर नाव येणं म्हणजे मुलाची खबर कळणं. ज्या सैनिकाला घराची ओढ लागलीय त्याच्यासाठी ती तीन-चार मिनिटं घरी जाऊन आल्यासारखी असायची.

मराठी घरांत हीच जागा होती आकाशवाणीच्या ‘आपली आवड’ कार्यक्रमाची. मराठी गाणी आणि त्याआधी नावांची लांबलचक यादी. गाण्यापेक्षा यादी मोठी वाटावी इतकी. पण त्या यादीत आपल्या तालुक्याचं नाव आलं की घरातले सगळे गप्प व्हायचे. न जाणो, ओळखीचं कुणी निघायचं.

मग ही पळवाट होती का?

फिल्मी गाणी म्हणजे वास्तवापासून पळ काढणं, हा आक्षेप जुना आहे. त्यात तथ्य नाही असंही नाही. पन्नास-साठच्या दशकात धान्याची टंचाई होती, रेशनच्या रांगा होत्या, नोकरीसाठी शहरात आलेली माणसं एका खोलीत आठ-दहा जण राहत होती. अशा वेळी अर्धा तास सगळं विसरायला लावणारं गाणं लोकांना हवंच होतं.

पण नुसतं विसरायचंच असतं, तर गाणं ऐकून लोक झोपले असते. पोस्टकार्ड आणून, नावं लिहून, पेटीत टाकून, आठवडेच्या आठवडे वाट बघत कशाला बसले असते? फर्माईश केलेलं गाणं बहुतेक वेळा लोकप्रियच असायचं, ते तसंही कधीतरी लागणारच होतं. पोस्टकार्ड जायचं ते नावासाठी. ‘मी इथे आहे’ हे कुणीतरी मोठ्याने, सगळ्यांसमोर म्हणावं यासाठी. पेपरात नाव यायला पुढारी असावं लागायचं, नाहीतर दहावी-बारावीच्या बोर्डात यावं लागायचं. रेडिओवर खाण कामगाराचं नावही तितक्याच आदराने घेतलं जायचं.

आज रीलखाली मित्राला टॅग करणारा, लाइव्हमध्ये ‘दादा, आमच्या गावाचं नाव घ्या’ अशी कमेंट टाकणारा माणूस तेच करत असतो. फरक इतकाच की तेव्हा उत्तर यायला महिना लागायचा आणि आलं की ते अख्ख्या गल्लीला ऐकू जायचं.

या जोडलेपणाला मर्यादाही होत्या. नाव देशभर गेलं म्हणून खाणीतल्या मजुराची मजुरी वाढली नाही. पुढे अभ्रकाला पर्याय आले, मागणी घटली, खाणी बंद पडत गेल्या. आज कोडरमाच्या परिसरात जुन्या खाणींच्या ढिगाऱ्यांतून अभ्रकाचे तुकडे वेचून अनेक कुटुंबं पोट भरतात. स्थानिक भाषेत त्याला ‘ढिबरा’ म्हणतात. यात लहान मुलंही राबत असल्याचं वारंवार समोर आलंय. झुमरी तलैयाचं नाव सगळ्यांना माहीत झालं, हे मात्र फार थोड्यांपर्यंत पोहोचलं.

आज काय उरलंय?

‘गीतमाला’ १९८९ मध्ये विविध भारतीवर आली आणि १९९४ पर्यंत चालली. म्हणजे ज्या आकाशवाणीवरून फिल्मी गाणी गेल्यामुळे तिचा जन्म झाला, तिथेच ती शेवटी परतली. अमीन सयानी यांचं २० फेब्रुवारी २०२४ रोजी मुंबईत निधन झालं.

फर्माईश मात्र अजून बंद पडलेली नाही. विविध भारतीवर फोन करून, मेसेज पाठवून गाणी मागता येतात. ‘जयमाला’ अजूनही लागते. ट्रक चालवणारे, रात्रपाळीचे वॉचमन, शिलाई मशीनवर बसणाऱ्या बायका, शेतात पाणी द्यायला गेलेले शेतकरी आजही रेडिओ लावतात, कारण हात आणि डोळे कामात असताना सोबत करणारं दुसरं फारसं काही नसतं. मोबाइलवर प्रसार भारतीचं अॅप घेतलं की विविध भारती आणि राज्यातली आकाशवाणी केंद्रं कुठूनही ऐकता येतात. एरियल हलवायची गरज नाही.

गाण्याआधीची नावांची यादी तेवढी पूर्ण ऐका. त्यात अजूनही अशी गावं असतात, ज्यांची नावं एरवी कुठेच ऐकायला मिळत नाहीत.